तीन वेळा येतो

आमच्या गल्लीत बोअरच्या मोटारी दुरुस्त करणारे एक अण्णा राहतात. माणूस सज्जन, पण घरी आले की जाता जात नाहीत. खुर्चीतून उठताना मराठीत "येतो" म्हणतात, उंबऱ्यावर कन्नडमध्ये "बर्तीनी", फाटकाशी दखनीत "आतूं". तिन्हींचा अर्थ एकच, पण प्रत्येक ठिकाणी नवा विषय निघतो. मी आपला दाराला टेकून जांभया देत असे.

मला कोरोना झाला आणि घरच्यांनी माडीवरच्या खोलीत एकट्याला ठेवलं. अण्णा रोज खिडकीखाली येऊन गप्पा मारायचे. एका दुपारी बोलता बोलता मला धाप लागली.

"अण्णा, जातो आता," मी म्हणालो.

ते एकदम ओरडले, "जातो कामून म्हणायलास? येतो म्हण!"

"अहो, खाटेवर जायलोय मी!"

"खाटंवर जा न्हाई तर मोरीत जा. आधी येतो म्हण."

मला हसू आलं, पण ते हसत नव्हते. भर उन्हात मान वर करून उभेच. शेवटी मी "येतो" म्हणालो. तरी हलेनात.

"बर्तीनी?" त्यांनी विचारलं. तेही म्हणालो. मग "आतूं"सुद्धा म्हणवून घेतलं, तेव्हा कुठे ते वळले. स्वतः मात्र एका भाषेतही निरोप न घेता, खाली मान घालून निघून गेले.

आता ते खुर्चीतून उठून "येतो" म्हणाले, की मी दुसरा चहा टाकतो.