झुल्मिराच्या हातचा नऊ नंबर

पेद्रा मान्सा गावात कुणी आजारी पडलं, की झुल्मिरा आधी विचारायची, "रविवारी खेळायचाय का तो?" खेळायचा नसला, तर त्या आजाराशी तिला फारसं देणंघेणं नसे. इतकी ती गावच्या फुटबॉल क्लबची होती. आणि क्लब आपलाच, असं तिला वाटायचं. तिथंच तर सगळा घोळ झाला.

क्लबचा जन्म धुण्याच्या दगडावर झाला असं ती सांगायची, आणि त्यात फार काही खोटं नव्हतं. गावच्या कापडगिरणीत एकदा रंगाचं प्रमाण चुकलं आणि अख्खा तागा भडक पिवळा निघाला. कुणी घेईना. विणकरांनी तो मालकाकडून मागून घेतला, बायकांकडून शर्ट शिवून घेतले आणि नदीकाठच्या मैदानावर संघ उभा केला. पहिल्याच सामन्यात सर आली आणि शर्टांचा रंग असा सुटला, की अकराच्या अकरा जण पिवळ्या पायांनी घरी गेले. पलीकडच्या विला बारेइरोवाल्यांनी त्या दिवसापासून नाव ठेवलं, 'बलक'. अंड्यातला बलक! आपल्या लोकांनी चिडून उपयोग नाही हे ओळखलं आणि तेच नाव मैदानाच्या भिंतीवर हातभर अक्षरांत रंगवलं. सुटणारा रंग मिठाच्या पाण्यात बुडवून बुडवून शर्टात मुरवला तो झुल्मिराच्या आईनं. आईमागे शर्ट धुण्याची टोपली झुल्मिराकडे आली. पुढं गिरणी बंद पडली, क्लब घसरत तिसऱ्या श्रेणीत गेला, एका वादळात प्रेक्षकांच्या शेडचे पत्रे उडून मक्यात जाऊन पडले. धुणं काही थांबलं नाही. नवऱ्याच्या मर्तिकालासुद्धा मागच्या अंगणात पिवळे शर्ट वाळत होते, आणि त्याला ते आवडलं असतं, असं ती ठामपणे म्हणायची.

तिची पद्धत ठरलेली. नारळाच्या साबणानं घासायचं, साबणासकट गवतावर उन्हात पसरायचं, खळबळायचं आणि दोरीवर उलटं टांगायचं, चिमटा खालच्या काठाला. खांद्याला चिमटा लावणारी बाई तिच्या लेखी बाईच नव्हे.

मग एका सकाळी ती शेवाळावर घसरली आणि उजवं मनगट मोडलं. प्लास्टर चढलं. टोपली शेजारच्या इवोनीकडे गेली.

ही इवोनी तिच्याहून बरीच लहान. चर्चमध्ये गाणारी, सगळ्यांशी गोड बोलणारी, झुल्मिराला मानानं 'दोना' म्हणणारी. धुण्यासाठी डब्यातली पावडर वापरायची, वर नीळ. आणि चिमटे खांद्याला! दोन घरांमध्ये कमरेएवढी भिंत, त्यामुळे झुल्मिराला ते रोज बघावं लागायचं.

"अगं, खांदे ओघळतील ना त्यांचे!" ती भिंतीवरून ओरडायची.

"खेळताना कोण बघतंय खांदे, दोना झुल्मिरा? तुम्ही बसा, कॉफी आणते."

कॉफीही चांगली असायची, मेली.

इवोनीनं धुतलेले शर्ट घालून संघ बाहेरगावी गेला आणि जिंकला. बाहेरगावी जिंकणं गाव विसरूनच गेलं होतं. पुढच्या रविवारी पुन्हा जिंकला. त्याच्या पुढच्याही. झुल्मिराचं प्लास्टर निघालं त्या दिवशी ती तडक क्लबच्या कचेरीत गेली. अध्यक्ष सेउ अनीझिओ तिथं बसले होते.

"झाला हात बरा. टोपली पाठवा."

सेउ अनीझिओंनी डोकं खाजवलं. "दोना झुल्मिरा, संघ जिंकतोय. आता यातलं काहीही हलवायचं नाही. बसमधल्या जागासुद्धा त्याच ठेवल्यात. मी पहिल्या विजयापासून ही पँट बदललेली नाही."

"ते वासावरून कळतंय."

"मोसम संपू द्या हो. मग तुमचंच आहे सगळं."

"आणि आजवर हरत होतो ते काय माझ्या हातानं?"

सेउ अनीझिओंनी मान वळवली. खिडकीबाहेर बघत राहिले. म्हणजे हो! एवढ्या वर्षांच्या साबणाचं, उन्हाचं, सोललेल्या बोटांचं हे फळ! झुल्मिराच्या अंगाचा तिळपापड झाला.

त्यानंतर जे झालं ते तिनं कुणालाच सांगितलं नसतं. रविवारी रेडिओ लावून ती राजमा निवडत बसायची आणि समोरचा संघ गोलजवळ आला, की ओठांतल्या ओठांत म्हणायची, "मार, मार लेका!" मग दचकून छातीवर क्रूस काढायची. जन्म ज्या क्लबात गेला त्यानं हरावं असं वाटत होतं. एकदाच हरू दे देवा, म्हणजे टोपली परत येईल. क्लब हरेना. बेकरीत इवोनीला चीजचे पाव फुकट मिळू लागले. लोक तिच्या हाताला हात लावून सामन्याला जायचे. रडणारं पोर तिनं घेतलं की गप्प होतं, असंही कुणीतरी उठवलं. झुल्मिरा म्हणाली, "उद्या पाण्यावरून चालेल बघा!" आणि कुणी हसलं नाही.

आणि शेवटी गाठ पडली विला बारेइरोशी, घरच्या मैदानावर. जिंकलं तर वरची श्रेणी.

आदल्या दुपारी इवोनी चर्चला गेली. दोरीवर शर्ट डोलत होते. झुल्मिरा भिंतीशी उभी राहिली. आता हरावं असं वाटत नव्हतं, बारेइरोकडून तर मुळीच नाही. पण आपल्यावाचून जिंकावं, हेही सोसवत नव्हतं. एक तरी! एका तरी शर्टाला आपला हात लागला पाहिजे. भिंत ओलांडताना गुडघा खरचटला. तिनं नऊ नंबर काढला, तिझिऊचा. तिझिऊ म्हणजे टुणटुण उड्या मारणारा त्यांचा आघाडीचा खेळाडू. घरी आणून तिनं नारळाच्या साबणानं घासला, गवतावर पसरला, खळबळला आणि धावतपळत नेऊन टांगला. मनगट ठणकत होतं. बरं वाटत होतं.

स्वयंपाकघरात येऊन तिनं खिडकीतून पाहिलं. सगळे शर्ट खांद्याला टांगलेले, नऊ नंबर तेवढा उलटा. हाताची सवय! पुन्हा धावावं तर फाटक वाजलं. इवोनी आली होती.

इवोनी दोरीपुढं आली. एकेक शर्ट काढत गेली आणि नऊ नंबरापाशी थांबली. हात लावला, ओला लागला असणार. नाकाशी नेला. मग तोही काढून आत घेऊन गेली. थोड्या वेळात तिच्या मागच्या नळाचं पाणी धो धो वाहू लागलं.

"धुतला," झुल्मिरा भिंतीला टेकून म्हणाली. "परत धुतला सटवीनं."

दुसऱ्या दिवशी सगळं गाव मैदानावर होतं. सामना संपायला आला तरी गोल नाही. तेवढ्यात कोपऱ्यावरून चेंडू आला, तिझिऊनं उडी मारली आणि डोक्यानं आत घातला. सेउ अनीझिओ त्याच पँटमध्ये गुडघ्यांवर बसून रडायला लागले. लोकांनी इवोनीला खांद्यावर घेतलं. झुल्मिराही ओरडत होती, रडत होती, आणि रडता रडता मनात एकच टोचणी होती. हा गोल माझ्या धुण्याचा, की तिच्या? पिवळ्या गर्दीच्या वर हसणारी इवोनी तिला बघवेना. ती मागच्या दारानं घरी गेली.

सोमवारी इवोनी भिंतीपाशी आली. हातात टोपली नव्हती, एकच शर्ट होता. चिखलानं माखलेला, घामानं कडक झालेला.

"हा तुम्ही धुवा, दोना झुल्मिरा."

"मी का? जादू तुझ्या हातात आहे ना!"

"बाकीचे मी धुते. हा तुमचा आहे."

झुल्मिरानं शर्ट घेतला. "म्हणजे तुला कळलं होतं?"

"उलटा शर्ट गावात दुसरं कोण टांगतं?"

"मग? नळ सोडून परत धुतलास ना तो? मी ऐकलं सगळं."

"तो होय? भाजीला पाणी घालत होते. कोबी वाळून चालला होता." इवोनी हसली. "तुमच्या हातचं मी कशाला पुसू? मी कुणाला सांगितलेलंही नाही. तुम्हीच सांगा हवं तर."

ती गेली. झुल्मिरानं शर्ट नाकाशी नेला. चिखल, घाम, गवत, आणि त्या सगळ्याच्या खाली नारळाचा साबण. तिचाच. पावडरीचा मागमूस नाही. गोल तिचा होता.

आता नाचायला हवं होतं. गल्लीत जाऊन ओरडायला हवं होतं. पण धुण्याच्या दगडावर बसल्या बसल्या तिला भलतंच काही दिसत होतं. त्या दुपारी आपण इवोनीच्या जागी असतो तर? दोरीवर दुसरीनं धुतलेला शर्ट सापडला असता तर? तिनं तो तिथल्या तिथं टबात बुडवला असता, वर चार शिव्या दिल्या असत्या आणि सगळ्या गावाला सांगितलं असतं. हे तिला पक्कं ठाऊक होतं.

"देवा," ती मोठ्यानं म्हणाली, "हात दिलेस तिला, ते चाललं. गळा दिलास, तेही चाललं. मनसुद्धा माझ्याहून मोठं द्यायला हवं होतं का रे?"

पलीकडे इवोनी गात गात शर्ट टांगत होती. झुल्मिरानं नाक पुसलं, साबण उचलला आणि भिंतीवरून खेकसली, "खांद्याला नको लावूस चिमटे, किती वेळा सांगू!"

"बरं, दोना झुल्मिरा," इवोनी म्हणाली, आणि हातातला शर्ट तिनं उलटा केला.