मागच्या बाजूने पाहिलेला समुद्र

विलायती चित्र पाहायचं नाही, असं मी घरात जाहीर करून टाकलं होतं. वडील गावच्या शाळेत मास्तर, ते अकोल्याहून पत्रकं मागवत. स्वदेशी, हुंडाबंदी, अस्पृश्यता, मुलींचं शिक्षण. मी अक्षरं शिकले ती त्या पत्रकांवर, त्यामुळे मी बोलते तेही छापल्यासारखंच, असं घरचे म्हणत. रिसोडच्या बाजाराजवळ पडीक जागेत तंबूचा सिनेमा आला आणि त्यात इटली देशाचं जुनं मुकं चित्र दाखवतात असं कळलं, तेव्हा मला विचार करावा लागला नाही.

"तुले नाई पाह्यचं तं नको पाहू," चुलत बहीण म्हणाली. "मले घेऊन चाल. बाहेर बसून तुहे पत्रकं वाच."

ती माझ्याहून थोडी लहान आणि डावरी होती. डाव्या हातानं वाढलेलं अन्न आमच्याकडे कुणी ताटात घेत नसे. काकू तिचा डावा हात जुन्या लुगड्याच्या हिरव्या पट्टीनं दिवसभर कमरेशी बांधून ठेवत. मोठी झाली तरी हात वळत नव्हता, आणि आता मालेगावचे पाहुणे तिला पाहायला यायचे होते. त्या घरची थोरली बाई मुलीच्या हातात सुईदोरा देऊन पारख करते, असा निरोप आधीच आला होता. उजव्या हातानं बहिणीला सुईत दोरा ओवता येत नसे. डाव्या हातानं तिनं माझ्या पोलक्याला घातलेले टाके मात्र शोधूनही सापडत नसत.

शेवटी मी गेले. तिच्यासाठी गेले, असं स्वतःला सांगितलं.

तंबूच्या मधोमध पांढरं कापड ताणलं होतं. पुढच्या बाजूला पुरुष, मागच्या बाजूला बाया. मागूनही चित्र दिसावं म्हणून तंबूवाला खेळाआधी पडद्यावर पिचकारीनं पाणी मारायचा. मग पुढे उभा राहून काठीनं दाखवत गोष्ट सांगायचा. आम्हाला माणूस दिसायचा नाही, फक्त आवाज यायचा.

दिवा बंद झाला आणि त्या ओल्या कापडावर समुद्र आला.

आमच्यापैकी कुणीही समुद्र पाहिलेला नव्हता. पाणी म्हणजे आम्हाला विहीर आणि पैनगंगा. इथे पाणी संपतच नव्हतं. वारा सुटला, पडदा फुगला, आणि त्याबरोबर सगळा समुद्र आमच्या अंगावर उचलून आला. माझ्या शेजारची म्हातारी पदर सावरून मागे सरकली. मी सरकले नाही, पण बहिणीचा दंड घट्ट धरला. माझी घोषणा कुठे गेली, मला आठवत नाही.

मग ती आली. कोळ्याची बायको. किनाऱ्यावर बसून फाटलेलं जाळं लाकडी सुईनं सांधत होती. तिचे डोळे इतके फिके होते की पडद्याला तिथे भोकं आहेत असं वाटावं. नवऱ्याची नाव परतत नाही, वादळ येतं, आणि ही कंदील घेऊन एकटी कड्यावर चढते. एवढीच गोष्ट. पण तिचा चेहरा बोलत होता. आवाज नाही, शब्द नाही, आणि तरी आमच्या बाजूच्या बायका तिला उत्तरं देत होत्या. "जाऊ नको वं माय, घसरशीन!"

तेवढ्यात कुणीतरी मोठ्यानं म्हटलं, "अवं, डावरी हाये ही!"

खरंच. सुई डाव्या हातात. कंदीलही डाव्या हातात. पदराआड बहिणीनं पट्टीची गाठ सोडली आणि मोकळा हात मांडीवर उताणा ठेवून त्याच्याकडे पाहत राहिली.

तीन दिवसांनी सकाळी मी तंबूवाल्याला गाठलं. दाढी पिकलेला, कारंज्याकडचा मुसलमान गृहस्थ. पडद्याच्या कोपऱ्यात मोठी चीर गेली होती, ती पाहत बसला होता. बायांना मागे बसवणं हा अन्याय आहे, असं मी त्याला उभ्या उभ्या सुनावलं.

"बाई, मी कुठं बसवतो? तुमचं गाव बसवते," तो म्हणाला. "तुमी या पुढं. तिकीट काढा न् बसा. मी हटकीन तं माहं नाव बदला."

मग माझा राग उतरलेला पाहून तो, मी न विचारताच, त्या नटीचं सांगू लागला. मुंबईत ज्याच्याकडून रिळं घेतली, त्यानं त्याला सांगितलेलं. ती इटलीची नव्हतीच. कुठल्याशा बर्फाच्या मुलखातली, नाचणाऱ्यांच्या टोळीबरोबर तिकडे आलेली. टोळी मोडली, ही राहिली. चित्रं काढणाऱ्यांनी तिला इटलीचं नाव दिलं.

"बोली येत नव्हती तिले," तो म्हणाला. "चित्र काढताना ही आपल्या बोलीत रडे, समोरचा त्याच्या बोलीत समजूत घाले. मुकं चित्र, कोणाले काय समजते? पण पाह्यलं ना तुमी, रडणं कसं खरं होतं!"

"मग पुढे?"

"पुढं काय. बोलतं चित्र आलं. तिले म्हणले, आता बोल. तिले जमलं नाई, दोन-चार साल चमकलेली न् गेली. कोणी म्हणते शादी केली, कोणी म्हणते आपल्या गावी टोप्या इकते. अल्ला जाने." त्यानं पडद्याकडे पाहिलं. "माहं बी तसंच होईन. बोलत्या चित्राची मशीन मले कुठून परवडते?"

जिच्याशी तिथे कुणाला बोलता येत नव्हतं, तिचं दुःख रिसोडच्या बायकांना न सांगता समजलं होतं. वडिलांच्या कपाटातल्या एकाही पत्रकाला हे साधलं नव्हतं.

संध्याकाळी मी पुढे बसले, पुरुषांच्या पहिल्या ओळीत. आजूबाजूचे चारजण उठून मागे गेले. एकजण म्हणाला, "मास्तराची पोरगी हाये, बोलू नका, भाषण देईन." मी पडद्याकडेच पाहत राहिले. समुद्र आला. ती आली, जाळं घेऊन बसली.

सुई उजव्या हातात होती.

तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला. मागून सगळंच उलटं दिसतं. ती डावरी नव्हती, आमची जागा तशी होती.

बहिणीला सांगायचं की नाही? पाहुणे परवावर आले होते. खेळ पाहिला त्या रात्रीपासून ती कोठीत लपून डाव्या हातानं शिवत होती आणि काकूंनी पट्टी बांधली की बाहेर पडताच सोडत होती. तिला आधार म्हणून पडद्यावरची ती एकच बाई होती, आणि तीही खोटी निघाली. पण खोट्यावर उभं केलेलं धैर्य मला मान्य नव्हतं. मी सांगून टाकलं.

ती दाणे निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "मले माईत हाये."

"कसं?"

"चित्रातला तो सावकार डाव्या हातानं लिवत होता. पाद्रीबी डावरा. पोट्टे डावरे. साऱ्या गावात एक उजवा नाई, असं असते काय?" मग माझ्याकडे पाहून हसली. "पण ताई, डाव्या हातानं ते कसं दिसते, हे तं दिसलं ना? कोणी म्हटलं का वंगाळ दिसते म्हणून? साऱ्या बाया रडत होत्या."

मी तिच्या शेजारी बसून दाणे निवडू लागले.

मालेगावचे पाहुणे आले. थोरल्या बाईनं सुई पुढे केली. बहिणीनं सगळ्यांसमोर पट्टी सोडली, डाव्या हातानं एका फटक्यात दोरा ओवला आणि दिलेल्या कापडावर टाके घातले. थोरल्या बाईनं कापड उजेडात धरलं. टाक्यांवरून बोट फिरवलं, आणि फिरवतच राहिली.

"हाताले असं वळण कोणं लावलं?" तिनं विचारलं.

"हात असाच हाये," बहीण म्हणाली. "टाका पाहा."

पाहुणे चहा न घेता उठले. काकू चुलीपुढे बसून रडल्या आणि मला म्हणाल्या, "झालं तुह्या पत्रकाईचं समाधान?" पत्रकांचा यात काही हात नव्हता, पण मी ऐकून घेतलं.

तंबू उठायच्या दिवशी मी तंबूवाल्याला घरी आणलं, त्याच्या खांद्यावर घडी केलेला पडदा होता. बहिणीनं तो ओसरीत पसरला. चिरीला ठिगळ हवं होतं. तिनं काकूंकडे पाहिलं, दांडीवरची ती हिरवी पट्टी ओढली आणि चिरीखाली धरली. मला वाटलं काकू आता हिसकावून घेतील. त्या चालत्या सुईकडे पाहत उभ्या होत्या. मग खाली बसल्या आणि कापड सरकू नये म्हणून दोन्ही हातांनी ताणून धरलं.

"पुढून पांढरा कपडा लाव," एवढंच म्हणाल्या. "हिरवं दिसीन समुद्रात."

"समुद्र हिरवाच असते म्हणतात, काकी," तंबूवाला म्हणाला.

कोणीच पांढरा कपडा आणला नाही.