बांधावरचीचा बकरा

पंचफुलाबाईंची आणि हे लिहिणाऱ्या बाईची ओळख प्रौढ साक्षरता वर्गात झाली. दोघी एकाच वाडीच्या असल्या, तरी ओळख तेथूनच धरावी लागेल. कारण त्याआधी दोघी एकमेकींना केवळ डोक्यावरच्या पदराच्या रंगावरून ओळखत होत्या. वाडी सेनगाव तालुक्यात, साखरा गावाच्या बाजूला आहे. तिचे नाव येथे मुद्दाम लिहिलेले नाही, कारण ज्यांच्याविषयी लिहायचे आहे ती माणसे अजून तेथेच राहतात.

वर्ग शाळेच्या व्हरांड्यात दुपारी भरत असे. शिकवणाऱ्या सीमाताई वयाने सुनेसारख्या आणि परगावच्या होत्या. एके दिवशी त्यांनी फळ्यावर पावसाच्या काड्या काढल्या. ज्या वर्षी पाऊस अधिक, त्या वर्षाची काडी उंच. ज्या वर्षी कमी, त्या वर्षाची ठेंगणी. सर्वजणी पाहत होत्या. तेवढ्यात कधीही हात वर न करणाऱ्या पंचफुलाबाईंनी हात वर केला.

"बाई, माणसं मारली जातात, त्याच्याबी अशा काड्या काढता येतात का?"

"येतात की मावशी. पोलीस खात्यात काढतातच. कोणत्या वर्षी किती खून झाले, वाढले का कमी झाले, सगळं त्यावरून कळतं."

"मंग आमच्या बांधाच्या काढा. लई जवळजवळ येऊन राहिल्यात त्या."

शेजारी बसलेल्या निर्मलाबाईंनी पाटी पुसायला घेतली; ती कोरीच होती. सीमाताईंनी खडू खाली ठेवला आणि त्या दिवशी वर्ग लवकर सुटला. वाटेत पंचफुलाबाई आपणहून बोलू लागल्या. पुढेही त्या अनेकदा बोलल्या. जे सांगितले ते असे.

वाडीच्या पश्चिमेला तीन शेते एका ठिकाणी मिळतात. एक पंचफुलाबाईंच्या घरचे, एक वडीलधाऱ्या ज्ञानबांचे आणि एक, आज तरुण असलेल्या देविदासच्या घराण्याचे. तिन्ही बांध जेथे एकत्र येतात तेथे कमरेएवढा काळा दगड उभा आहे. त्या दगडापाशी जे काही राहते, त्याला वाडीत नाव नाही. लोक फक्त 'बांधावरची' म्हणतात आणि तेही आवाज खाली आणून.

पंचफुलाबाई नवी नवरी होऊन आल्या, त्या वर्षी देविदासचा आजा रामजी त्या दगडाशी कुऱ्हाडीने मारला गेला. वाडीने तेथे नारळ फोडला. त्यानंतर पुष्कळ काळ गेला. वाडीत एक पिढी जन्मून वाढली. मग ज्ञानबांचा धाकटा भाऊ गेला. वाडीने कोंबडी दिली. त्यानंतरचा काळ आखूड होता; पंचफुलाबाईंचा मुलगा प्रभू तेवढ्यात रांगायचा तो शाळेत जायचा झाला. तेव्हा त्यांचे यजमान गोपाळराव गेले. त्यांना मारणारा देविदासचा बाप. तो जन्मठेप भोगता भोगता तुरुंगातच वारला. आता वाडीने बकरा द्यायला आरंभ केला, आणि तोही दरसाल, पेरणीच्या आधी. तरी पुढचे दोघे गेलेच, आणि त्या दोघांमधले अंतर एवढे थोडे होते की पंचफुलाबाईंची एक शेळीसुद्धा त्यात म्हातारी झाली नाही.

"तिची भूक वाढून राहिली," असे वाडी म्हणे. दोन बकरे द्यावेत, अशीही भाषा सुरू झाली होती.

भांडण दरवेळी एकच असे. नांगराने बांध कोरला जाई. बैल होते तोवर बोटभर माती इकडची तिकडे होत असे आणि तिचा राग यायलाही काही वर्षे लागत. पुढे ट्रॅक्टर आले. ट्रॅक्टर एका फेरीत वीतभर घेतो. परंतु पंचफुलाबाईंच्या मनाला एक गोष्ट पटत नव्हती. बांध तर साऱ्या शिवारात कोरले जात होते. लोक शिव्या देत, तहसीलला जात, मोजणी आणत. मग माणसे फक्त याच दगडाशी का मरत होती?

वाडीत शेळ्यामेंढ्या त्यांच्याच घरी असल्यामुळे बकरा त्याच देत. रीत अशी होती की बकरा बाईने पाळलेला चाले, परंतु बाईने दगडापाशी थांबलेले चालत नसे. त्या दोरी ज्ञानबांच्या हातात देत आणि मागे न पाहता परत येत. शिजलेले सर्व पुरुषांनी तेथेच संपवायचे. शिवेच्या आत काही आणायचे नाही. दगडाशी काय होते हे म्हणूनच वाडीतल्या एकाही बाईला ठाऊक नव्हते.

वर्गातल्या त्या प्रश्नाच्या आदल्या उन्हाळ्यात मात्र असे घडले की बकरा देऊन परतताना सोबतच्या कळपातली एक मेंढी बाभळीखाली विऊ लागली. तिला सोडून जाणे शक्य नव्हते. पंचफुलाबाई बांधाआड बसून राहिल्या. भर दुपार होती. बाकीच्या मेंढ्या उन्हाने एकमेकींच्या पोटाखाली माना घालून उभ्या होत्या. मेंढरे उन्हात तशीच उभी राहतात, हे त्यांनी जन्मभर पाहिलेले होते. पण त्या दिवशी तो बिनमुंडक्यांचा कळप पाहून त्यांच्या अंगावर काटा आला. वारा नव्हता. पाखरू बोलत नव्हते. आणि बांधापलीकडून ज्ञानबांचा आवाज आला.

"रामजीचा घास!"

"ओ," कोणीतरी म्हणाले.

पंचफुलाबाईंनी मान वर करून पाहिले. दगडाला हळदकुंकू लावलेले होते. त्याच्याशी कुऱ्हाडी टेकून ठेवल्या होत्या, पाती दगडाकडे करून. मेलेल्या प्रत्येकाच्या नावाने पानावर एक घास ठेवला जात होता. ज्याचे नाव पुकारले जाई त्याचा मुलगा, नातू किंवा पुतण्या "ओ" देई, उठे, आपल्या घरची कुऱ्हाड कपाळाला लावी आणि कोणाकडे न पाहता घराकडे चालू लागे. मृताचा आत्मा शांत व्हावा म्हणून ही रीत होती. ज्ञानबांनी ती खऱ्या भीतीने आणि खऱ्या भक्तीने चालवली होती. त्यांचा स्वतःचा भाऊ तेथे गेलेला होता.

"गोपाळचा घास!"

कोणी ओ दिली नाही. आपल्या यजमानांचे नाव इतक्या वर्षांनी असे मोठ्याने हाक मारल्यासारखे ऐकून पंचफुलाबाई तोंडावर पदर धरून बसल्या.

"ऱ्हाऊ द्या," ज्ञानबा म्हणाले. "वसमतला हाय पोरगं. येईल."

त्यांनी एक कुऱ्हाड उचलून फडक्यात गुंडाळली. पंचफुलाबाईंनी ती ओळखली. गोपाळरावांचे दिवस झाले त्या गर्दीत ती घरातून नाहीशी झाली होती आणि पोलिसांनी नेली असावी असे त्या धरून चालल्या होत्या. पाते तेलाने चमकत होते. दांडा नवा बसवलेला होता.

मेंढीने पिलू दिले. ते घेऊन त्या घरी आल्या आणि त्यांनी कोणाला काही सांगितले नाही. पण नारळ, कोंबडी, बकरा असा वाढत गेलेला मान आणि जवळ जवळ येत गेलेली मरणे, ही दोन्ही त्यांच्या मनात आता शेजारी शेजारी उभी राहिली. भूक कोणाची होती ते त्यांना कळले असे त्या म्हणाल्या नाहीत. एवढेच म्हणाल्या, "माय, चुलीत लाकूड घालायचं आन् जाळ काहून वाढला म्हनायचं."

पुढच्या वर्षी मृगाच्या तोंडावर प्रभू वसमतहून परत आला. तेथे तो हळदीच्या बाजारात पोती वाहत होता. आता शेत स्वतः करायचे त्याने ठरवले होते. त्याच आठवड्यात देविदासच्या ट्रॅक्टरने त्यांच्या बाजूचा वीतभर बांध घेतला. प्रभू तो पाहून आला आणि हातपाय धुऊन जेवायला बसला. आईला वाटले की तो चिडला असता तर बरे झाले असते.

"ज्ञानबाकाका म्हणून राहिले, अवंदा माझा मान हाय," तो जेवताना म्हणाला.

"कशाचा मान रे?"

"बायकांना सांगत न्हाईत."

संध्याकाळी ज्ञानबा स्वतः बकरा मागायला आले. त्यांनी अंगणात पाय ठेवल्याबरोबर पंचफुलाबाई म्हणाल्या, "अवंदा बकरा न्हाई, भाऊजी."

"वहिनी, गोठ्यात चार हाईत. मला दिसून राहिले."

"तुमाला म्हातारपणी लई दिसाया लागलं."

"थट्टा नका करू. तुमी न्हाई दिला तर कनेरगाव नाक्याच्या बाजारातून आणीन. पण त्यानंतर कोणाला काई झालं, तर वाडी तुमच्या दारात येईल. बराबर हाय का न्हाई?"

ते बरोबर होते. बकरा नाकारून काही थांबणार नव्हते. प्रभू त्या दगडापाशी जाणारच होता, ओ देणार होता, आणि बापाची कुऱ्हाड कपाळाला लावून देविदासच्या समोरून चालणार होता. त्यानंतर दोघांपैकी एकजण पेरणीपर्यंत राहिला नसता. कोणता, एवढेच ठरायचे होते. देविदास लहानपणी, दोन्ही घरांत वैर नव्हते तेव्हा, याच अंगणात प्रभूच्या ताटात जेवलेला होता.

"देते बकरा," पंचफुलाबाई म्हणाल्या. "मीच आणते उद्या."

दुसऱ्या दिवशी त्यांनी बकऱ्याबरोबर सारा कळप नेला. दोरी ज्ञानबांच्या हातात दिली आणि त्या बांधावर बसल्या.

"वहिनी, व्हा म्होरं. बायामाणसानं थांबू नये हितं."

"मंग बायामाणसानं पाळलेलं खाऊबी नये."

कोणीतरी हसले. चूल पेटलेली होती, आणि पेटलेली चूल सोडून उठता येत नाही, ही सुद्धा रीतच होती. ज्ञानबांनी दोनदा हात जोडले, एकदा दगडाला आणि एकदा वहिनींना. पण त्या हलल्या नाहीत. प्रभूने मान खाली घातली होती. देविदास समोर बसला होता आणि दारूचा पेला त्याने तोंडाला लावला नव्हता.

ऊन माथ्यावर आले. मेंढ्यांनी माना एकमेकींच्या पोटाखाली घातल्या. घास पुकारले जाऊ लागले. एकेक पुरुष उठला, कुऱ्हाड घेऊन चालता झाला. देविदासने आजाच्या नावाला ओ दिली, कुऱ्हाड घेतली, पण तो निघाला नाही. जरा अंतरावर जाऊन उभा राहिला.

"गोपाळचा घास!"

प्रभू उठला. त्याने तोंड उघडले. त्याच्या आधी आवाज आला.

"ओ."

पंचफुलाबाई बांधावरून उतरून दगडाशी आल्या होत्या. त्या क्षणी साऱ्या मेंढ्यांनी माना बाहेर काढल्या आणि सर्वजणी एकाच दिशेला पाहू लागल्या. त्या दिशेला दगड होता, आणि दगडाच्या शेजारची रिकामी जागा. पंचफुलाबाईंकडे एकही पाहत नव्हती. हे तेथे उरलेल्या प्रत्येक पुरुषाने पाहिले, आणि आजही त्यातला कोणी ते नाकारत नाही.

"माय, काय करून राहिली तू?" प्रभूचा आवाज फाटला.

"तुहा बाप पडला तवा तू शाळेत व्हतास. मीच व्हते हितं. त्यायचं डोकं माह्या मांडीवर व्हतं. घास माहाच हाय."

त्यांनी पानावरचा घास उचलला आणि खाल्ला. मेलेल्याचा घास जिवंत माणसाने तोवर कधी खाल्लेला नव्हता. मग त्यांनी फडक्यातली कुऱ्हाड उचलून कपाळाला लावली. एका नावाला दोनदा ओ देता येत नाही. प्रभू उभा होता तसाच खाली बसला. देविदासने दोघांकडे पाहिले आणि तो शेताच्या कडेकडेने निघून गेला.

कुऱ्हाडी बाजारात हव्या तितक्या मिळतात, हे पंचफुलाबाईंना कळत नव्हते असे नाही. तरी त्या वर्षी पेरणी झाली आणि कोणी गेले नाही. प्रभू आणि देविदास एकमेकांशी बोलत नाहीत, परंतु नांगरताना दोघेही बांधापासून वीतभर माती सोडून फिरतात. पुढच्या वर्षीही कोणी गेले नाही. वाडी याला चांगले म्हणायला तयार नाही. बांधावरची पंचफुलाबाईंच्या अंगात गेली आहे आणि तेथे श्वास धरून बसली आहे, असे लोक म्हणतात. मुले त्यांच्या दारासमोरून पळत जातात. वर्गात त्यांच्या चटईवर बसायला आता जागा भरपूर असते. त्यांना याविषयी विचारले तेव्हा त्या नाही म्हणाल्या नाहीत आणि होही म्हणाल्या नाहीत. पाटीवर आपले नाव गिरवीत राहिल्या. त्या कुऱ्हाडीने त्या शेळ्यांसाठी बाभळीच्या फांद्या तोडतात. दगडाशी दुपारी मेंढ्या अजून तशाच उभ्या राहतात, आणि त्यांच्या मधोमध एका माणसाला बसता येईल एवढी जागा मोकळी असते. सावली असूनही त्या जागेवर मेंढी जात नाही.

त्या दिवशी कुऱ्हाड घेऊन निघताना मात्र पंचफुलाबाई ज्ञानबांपाशी थांबल्या होत्या. ज्ञानबा पाने गोळा करीत होते. पंचफुलाबाईंनी त्यांना दुसरे काही म्हटले नाही, एवढेच मागितले:

"भाऊजी, पुढल्या सालापासून आमच्या मालकाचं नाव पुकारू नका."