बटणाची गोष्ट

पाळणाघरातली मुलं तिला गोष्टमावशी म्हणायची. तळमजल्यावरच्या दोन खोल्या, भिंतीला टेकवलेल्या सतरंज्या, दोरीवरची ओली दुपटी, दुधाचा आंबूस वास. सगळी उमेदीची वर्षं तिची तिथंच गेली. लग्न केलं नाही. वडील गेल्यावर धाकट्या बहिणीचं शिक्षण आणि आईचं आजारपण तिनंच निभावलं.

एक पोरगा आई गेली की रडून आकांत मांडायचा. एकदा त्या ओढाताणीत त्याच्या सदऱ्याचं बटण तुटलं. गोष्टमावशीनं ते तळहातावर घेतलं. "अरे बघ बघ, हे निघालं फिरायला!" बटण गडगडत कपाटाखाली गेलं. तिथं त्याला एक भित्री टाचणी भेटली, मग जोडीदार हरवलेला मोजा. मोजा म्हणाला, "मी एकटा नाही, मी अर्धा आहे." पोरगा रडायचा थांबला. दुसऱ्या दिवशी दारातच त्यानं विचारलं, "आज बटण कुठं गेलं?" ते मग बरेच दिवस फिरत राहिलं.

धाकटीची मुलगीही दुपारची पाळणाघरातच असायची. घरी गेली की आईला सगळी गोष्ट ऐकवायची. धाकटीचा चित्रांचा हात चांगला होता, आणि एका प्रकाशकाशी ओळखही होती.

पुस्तक घरी आलं तेव्हाच गोष्टमावशीला कळलं. मुखपृष्ठावर गुबगुबीत लाल बटण, आणि खाली 'कथा व चित्रं' म्हणून धाकटीचं नाव. तिनं पानं उलटली. टाचणी होती. मोजाही होता, त्याच्या वाक्यासकट.

"हे मी सांगितलेलं आहे," ती म्हणाली.

"अगं ताई, तू नुसतं बोलली होतीस. बसून लिहिलं मी, चित्रं मी काढली," धाकटी म्हणाली. "आणि मुलांना सांगायच्या गोष्टी काय कुणाच्या मालकीच्या असतात?"

"मग तुझं नाव कशाला घातलंस?"

आई अंथरुणातून ओरडली, "नाव घरातच राहिलं ना? उगाच तोंड पाडून बसू नकोस."

प्रकाशनाच्या दिवशी लहान मुलांना सांभाळायला म्हणून तिला शेवटच्या रांगेत बसवलं. गोष्ट कशी सुचली, असं कुणीतरी विचारलं. "माझी मुलगी फार रडायची, तिच्यासाठी सुचली," धाकटी माइकवर म्हणाली. शेजारचे टाळ्या वाजवत होते, म्हणून गोष्टमावशीनंही वाजवल्या.

पुस्तक खूप खपलं. एका संध्याकाळी पाळणाघरात मुलाला बूट घालता घालता त्याची आई दबक्या आवाजात म्हणाली, "मावशी, राग मानू नका, पण पुस्तकातली गोष्ट स्वतःची म्हणून सांगत जाऊ नका. मुलं सगळीकडे बोलतात. बरं नाही दिसत."

बहिणीनं घेतली म्हणावं, तर घरची लक्तरं वेशीवर. "बरं," एवढंच गोष्टमावशी म्हणाली.

त्यानंतर तिनं गोष्टी सांगणं सोडलं. मुलं पदर ओढायची, ती त्यांना थोपटून झोपवायची. थोड्याच दिवसांत पाळणाघराच्या मालकीणबाईंनी भिंतीवर टीव्ही लावला आणि पदर ओढणंही थांबलं.

पुढं धाकटी एका रविवारी आली. प्रकाशकाला दुसरं पुस्तक हवं होतं. "तुला सारखं काहीतरी सुचतंच की. या वेळी आत तुझे आभार छापेन, वचन देते."

गोष्टमावशी टॉवेलांच्या घड्या घालत होती. "मला आता काही सुचत नाही गं."

ते खरं होतं. तिला त्याचाच जास्त त्रास झाला. धाकटीला मात्र तो बहाणा वाटला. "जळतेस तू माझ्यावर, दुसरं काही नाही," म्हणून ती दार आपटून गेली. "चांगल्या चाललेल्यात मिठाचा खडा टाकलास," म्हणत आईनं भिंतीकडे तोंड फिरवलं.

दुसरं पुस्तक धाकटीनं एकटीनंच केलं. ते चाललं नाही. मोठीनं मनावर घेतलं असतं तर बहिणीचं भलं झालं असतं, असं नातेवाईक आजही बोलतात, कधी कधी तिच्या देखत. आईच्या गोळ्यांची वेळ झालेली असते. ती उठून पाणी आणायला जाते.