सुतळीत बांधलेले तह

छापखान्यात पंचवीस वर्षं काढलेल्या माणसाकडे किस्से मागू नयेत. कपाटावरच्या धुळीसारखे ते बसत जातात आणि एक पुसायला जावं तर दहा अंगावर येतात! मी सदर भागातल्या एका साप्ताहिकात प्रूफं तपासत होतो. इंग्रजी तारांचं मराठी करायचं कामही माझ्याच गळ्यात होतं. भुताखेतांवर माझा विश्वास नाही, हे आधीच सांगून ठेवतो. नंतर कोणी फिदीफिदी हसायला नको.

आमच्याकडे तहांची एक तऱ्हा होती. कोणत्याही दोन देशांनी मैत्रीचा तह केला की आम्ही त्याची कलमं चौकटीत छापायचो. छापून झाल्यावर बाकीच्या मजकुराचे खिळे, म्हणजे शिशाची सुटी अक्षरं, सोडून पुन्हा आपापल्या खणात टाकायचे, पण तहाचा मजकूर तसाच सुतळीनं बांधून फळीवर ठेवायचा. हा आमच्या संपादकांचा हुकूम. त्यांना सगळे दादासाहेब म्हणत.

"मोडतील तेव्हा हेच शब्द पुन्हा छापू. जगाला कळू दे काय ठरलं होतं!"

म्हणजे तह मोडला की मजकूर पुन्हा छापायचा आणि मगच खिळे सोडायचे. बांधायचं, सांभाळायचं, सोडायचं काम सोमाजीकडे. सोमाजी आमचा मुख्य कंपोझिटर, खिळे जुळवणारा; बोटं काळी, बोलणं कमी. ती फळी मात्र तो रोज सकाळी स्वतः पुसायचा.

*

पहिला किस्सा पोलंडचा. जर्मनीनं त्याच्याशी दहा वर्षांचा अनाक्रमणाचा तह केला होता. पाच वर्षं तो आमच्या फळीवर गुण्यागोविंदानं पडून होता.

एका सकाळी सोमाजी माझ्या टेबलाशी आला. "मास्तर, पोलंड ढिला होऊन राहिला गा."

"सुतळी जुनी झाली असेल. आवळा."

"दोनदा आवळली. गाठ बसतच नाही."

मी हसलो. त्याच आठवड्यात तार आली, जर्मनीनं तो तह रद्द केल्याची! दादासाहेबांनी टाळी दिली, कारण मजकूर तयार होता. सोमाजीनं मात्र फळीवरची बाकीची प्रत्येक गाठ ओढून पाहिली.

*

मग डेन्मार्क. त्याचाही जर्मनीशी दहा वर्षांचा तह. वर्षही झालं नव्हतं.

भर दुपारी, वारा नाही, धक्का नाही, मशीन बंद, आणि तो मजकूर फळीवरून खाली पडला. खिळे सगळ्या खोलीभर! मी ओरडलो, "कोणी पाडलं रे?"

"कोणी नाही पाडलं," सोमाजी म्हणाला. "तो उतरला."

दोन दिवसांनी जर्मन फौजा डेन्मार्कमध्ये उतरल्या. न्याहारीच्या वेळेपर्यंत देश खलास! आम्ही तोवर शेवटचा एक खिळा शोधतच होतो. तो पुढे कधीच सापडला नाही.

*

आता माझी पाळी. हा किस्सा मी चारचौघांत सांगत नाही.

लढाई सुरू झाल्यापासून नवीन खिळे मिळेनासे झाले होते. जूनमधल्या एका अंकाला 'र' कमी पडला. सोमाजी रजेवर, दादासाहेब उमरेडला लग्नाला. फळीवर जर्मनी-रशियाचा तह होता, चांगला ऐसपैस, र-कारांनी भरलेला. दोघा दांडग्यांची दोस्ती, ती काय मोडते! मी कात्री घेतली, सुतळी कापली आणि स्वतःच्या हातानं खिळे सोडले. मनात म्हटलं, बघू या, आभाळ कोसळतं का.

त्या रविवारी जर्मनी रशियात घुसला.

सोमाजी सोमवारी कामावर आला. रिकाम्या जागेकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "तुमी सोडला?"

"अहो, जर्मनी काय मला विचारून लढाई करतो का?"

"मी कुठं काही म्हणून राहिलो गा," तो म्हणाला. पण त्या दिवसापासून त्यानं कात्री स्वतःच्या खिशात ठेवली. मला महिनाभर नीट झोप नव्हती, हे आता कबूल करायला हरकत नाही.

*

तुम्ही म्हणाल, हे दरवेळी जमायचं? मुळीच नाही! जर्मनी-तुर्कस्तानच्या तहाची सुतळी उंदरानं कुरतडली. खिळे विखुरले आणि आम्ही आठ दिवस तारांकडे डोळे लावून बसलो. तुर्कस्तानात पानही हललं नाही.

मी विजयी मुद्रेनं म्हणालो, "काय सोमाजी, आता?"

"उंदराच्या सोडण्याले कोण पुसते? ते माणसाच्या हातून नाहीतं आपल्या मनानं सुटलं पायजे."



*

सोमाजीचा एकुलता एक मुलगा मारुती फौजेत होता. सिंगापूर पडलं आणि तो जपान्यांच्या कैदेत गेला. एक छापील कार्ड आलं, "मी बरा आहे" एवढंच. त्यानंतर तीन वर्षं काही नाही.

फळीवर आता एकच तह उरला होता, रशिया आणि जपानचा. एकमेकांशी लढणार नाही, असं पाच वर्षांचं वचन. मी नकाशा काढून सोमाजीला दाखवला होता. रशिया मागून चालून गेला तर जपान संपलाच, कैदी मोकळे. त्यानं नकाशावर बोट ठेवलं आणि किती तरी वेळ उचललं नाही.

शेवटी मीच म्हणालो, म्हणजे भुताखेतांवर विश्वास नसलेला मी! "सोमाजी, सोडून टाका ना तो तह."

"मले काय वाटत नसंल? रोज सकाळी हात जाते तिथं."

"मग?"

"तिकडं दोन्ही बाजूले कोणाचे तं पोट्टे असतीन ना, मास्तर. माह्या एकासाठी त्याईले काहून मारू?"

त्यानं फडका घेतला आणि फळी पुसली.

*

ऑगस्टचा पहिला आठवडा. पाऊस दडी मारून बसला होता, उकाडा असा की प्रूफं मनगटाला चिकटत होती. दुपारची वेळ. सोमाजी दाराकडे पाठ करून खिळे जुळवत होता, मी दाराकडे तोंड करून वाचत होतो.

एकदम सोमाजी थांबला. मागे वळून त्यानं दाराकडे पाहिलं. मग शांतपणे फळीपाशी गेला, खिशातली कात्री काढली आणि सुतळी कापली.

"सोमाजी! काय करून राहिले?"

"मारुती उभा होता ना दारात. म्हणे, बाबा, हात लय दुखून राहिले, सोडा." त्याचा आवाज अगदी रोजचा होता. एकेक खिळा खणात टाकत होता. "तीन वर्षं कोणाचं कोणाचं पाहिलं मी. आता नाही होत गा."

मी दाराकडे पाहिलं होतं. मान खाली घालून प्रूफ वाचायला लागलो. त्या प्रुफात पुढे अकरा चुका निघाल्या.

त्याच आठवड्यात रशियानं जपानवर चाल केली. पुढच्या आठवड्यात जपान शरण आला. सदरमध्ये फटाके वाजले. सोमाजीनं छापखान्यात संत्राबर्फी वाटली आणि आयुष्यात पहिल्यांदा मोठ्यानं हसला.

*

थंडीत मारुतीच्या पलटणीतला एक जण परतला, उमरेडकडचा. सोमाजीला शोधत थेट छापखान्यातच आला. बसायला सांगितलं तरी बसला नाही.

मारुती दोन वर्षांपूर्वीच गेला होता, पावसाळ्यात, छावणीत. भात चोरला म्हणून खांबाला बांधून ठेवला होता. "मनगटं सुजले होते. 'हात सोडा' म्हणत म्हणतच गेला, काका."

सोमाजीनं विचारलं, "दोन वर्षं झाले? नक्की?"

"मीच पुरला त्याले."

आलेला माणूस निघून गेला. मशीन बंद होतं. सोमाजी खिळ्यांच्या खणांसमोर उभा राहिला, हात मात्र कुठे लावेना.

"म्हंजे मी सोडला तवा तो नव्हताच."

तो माझ्याकडे वळला.

"मास्तर, तुमी दाराकडं तोंड करून बसले होते. खरं सांगा. दिसला होता तुमाले?"

"दिसला होता," मी म्हणालो.

"एकटाच होता ना?"

"एकटाच."

त्याच्यामागे, त्या ऑगस्टच्या उकाड्यात, जाड लोकरी कोट गळ्यापर्यंत लावलेली, जर्मन आणि रशियन, दोन्हीकडची गोरी पोरं गल्लीच्या वळणापर्यंत उभी होती. मारुती बापाकडे पाहत होता. ती सगळी माझ्याकडे पाहत होती.