साहेबांच्या खिशातली चिठ्ठी

सत्तावीस वर्षं मी एका आमदाराचा पीए होतो. पीए म्हटलं की लोकांना बदल्या, शिफारसपत्रं आणि मंत्रालयातल्या चकरा आठवतात. ते सगळं होतंच. पण माझी सकाळ सुरू व्हायची ती मेलेल्या माणसांपासून. डोळे उघडले की आधी फोन उघडायचा आणि गावागावांचे ग्रुप चाळायचे. हार घातलेला फोटो, खाली 'दुःखद निधन' आणि त्याखाली 'रक्षाविसर्जन सकाळी नऊ वाजता'. सगळ्यांना नऊच का लागतात हे कोडं मला शेवटपर्यंत सुटलं नाही. तीन गावांत तिघं गेलेले असायचे आणि तिन्ही घरांना नऊच्या ठोक्याला साहेब हवे असायचे.

आमच्या सातारा-सांगलीकडं राजकारण करायचं तर एखाद्या सभेला दांडी मारलेली चालते, रक्षाविसर्जन चुकवलेलं चालत नाही. तिसऱ्या दिवशी सगळं गाव स्मशानात जमतं. राख सावडून होते, नैवेद्य मांडतात आणि कावळा शिवेपर्यंत श्रद्धांजलीची भाषणं चालतात. एखादे निवृत्त गुरुजी माइक हातात धरून नावं पुकारतात आणि आमदाराचं नाव सगळ्यांत शेवटी येतं. हल्ली बरेचजण राख नदीत सोडत नाहीत, शेतात टाकून वर आंब्याचं रोप लावतात. तेही आमदाराच्याच हातून. कोण किती उशिरा आला आणि कावळा शिवायच्या आधी कोण उठला, हे लोक पुढच्या निवडणुकीपर्यंत ध्यानात ठेवतात.

साहेबांना सुरुवातीला चिठ्ठी-बिठ्ठी काही लागायचं नाही. त्यांनी राजकारण सायकलवर सुरू केलं. आधी सरपंच, मग पंचायत समिती, मग जिल्हा परिषद, मग आमदारकी. एकदा पडले, पुढच्या वेळेला निवडून आले ते तिथून हललेच नाहीत. मधल्या काळात पक्ष तीन झाले, गाड्या किती झाल्या ते मला आठवत नाही. माणसं मात्र तीच राहिली, कारण साहेबांना ती तोंडपाठ होती. कडेगावच्या बाजारात पाठीमागून कुणी रामराम घातला, तर मागं न वळता ते नाव घेऊन विचारायचे, फौजेतला पोरगा लेहवरनं खाली आला का, म्हशीचं दुखणं बरं झालं का. रस्ता झाला नाही, पाणी आलं नाही, तरी लोक गप्प बसायचे. ज्याला आपल्या म्हशीचं दुखणं ठाऊक आहे त्याच्याशी भांडायचं कसं?

आमच्या घरी ते पहिल्यांदा आले तेव्हा मी चौथीत असेन. पंचायत समितीची निवडणूक होती. वडील फौजेत, घरात आई आणि मी. उन्हातून सायकल ढकलत आलेल्या या माणसानं दारातूनच हात जोडले आणि पाठ केलेलं भाषण सुरू केलं. आईनं ते पुरं होऊ दिलं नाही. "भावजी, आदी खावा, मग मतं मागा," असं म्हणून तिनं पाट मांडला. त्या निवडणुकीत आणि पुढच्या दोन निवडणुकांत या भागात आले की त्यांची भाकरी आमच्याकडं असायची. ते तिला वैनी म्हणायचे. पडले त्या वर्षी, निकालाच्या दिवशी, ते स्वतःच्या घरी न जाता आमच्या स्वयंपाकघरात येऊन बसले होते आणि आई त्यांना काही न विचारता भाकऱ्या थापत राहिली होती. पुढं मी बीए होऊन घरी बसलो, तेव्हा तिनंच त्यांना सांगितलं की याला तुमच्यासोबत न्या. नंतर तिला त्याचा पस्तावा झाला. सणाच्या दिवशीही मी घरी नसायचो. ती म्हणायची, मी मुलगा दिला होता, उसना दिला नव्हता.

चिठ्ठीची सुरुवात साधीच झाली. मतदारसंघाला नवी गावं जोडली गेली आणि तिथली घरं साहेबांच्या ओळखीची नव्हती. म्हणून मी वहीच्या कागदाचा चतकोर फाडून त्यावर लिहायला लागलो. नाव, वय, मुलं किती, कोण फौजेत, कोण पुण्याला. शेवटची ओळ 'साहेबांशी संबंध'. पहिल्या निवडणुकीत जीप दिली, मुलाच्या नोकरीसाठी आले होते, असं काहीतरी. गाडीत ते चिठ्ठी वाचायचे, डाव्या खिशात घालायचे आणि माइकसमोर ती न काढता दहा मिनिटं बोलायचे. पुढं पुढं ती जुन्या गावांसाठीही लागायला लागली. मग ती माइकसमोर खिशातून बाहेर यायला लागली. मी म्हटलं, वय झालंय.

खरं काय ते शिराळ्याकडच्या एका लग्नात कळलं. सकाळपासून दोन रक्षाविसर्जनं करून आम्ही मांडवात पोचलो होतो. साहेब आशीर्वाद द्यायला उठले, माइक घेतला आणि भरल्या आवाजात म्हणाले की आपण सर्वांनी दोन मिनिटं स्तब्ध उभं राहूया. आमदार म्हणतात म्हटल्यावर मांडव उभा राहिला. बाशिंग बांधलेला नवरदेवही उठला. मी पुढं होऊन माइक घेतला आणि म्हणालो, नवरदेवाचे आजोबा आज हा सोहळा बघायला नाहीत, त्यांची साहेबांना आठवण झाली. आजोबा खरंच नव्हते का हे मला ठाऊक नव्हतं. पण नवरदेवाच्या बापानं डोळ्याला रुमाल लावला आणि जेवणाच्या पंगतीत जो तो म्हणत होता की याला म्हणतात माणुसकी. मी जिलेबी तशीच ताटात ठेवली.

पुढच्याच आठवड्यात साहेबांचे थोरले चिरंजीव त्यांना सांगलीला मोठ्या डॉक्टरांकडं घेऊन गेले. मी बाहेर बाकावर बसलो होतो. चिरंजीव बाहेर आले, माझ्याजवळ बसले आणि हळू आवाजात म्हणाले की विसरण्याचाच आजार आहे, वाढत जाणार. येत्या निवडणुकीनंतरची एवढी एक टर्म निभावून न्यायची, तोवर चिरंजीवांचं स्वतःचं राजकारणात बस्तान बसेल, आणि तोवर ही गोष्ट डॉक्टर, घरचे आणि मी सोडून कुणाला कळता कामा नये. मी हो म्हणालो. आज स्वतःला विचारतो की हो का म्हणालो, तर उत्तर फारसं चांगलं येत नाही. सवय होती. शिवाय माझ्यावाचून यांचं पान हलत नाही, याचा एक घाणेरडा अभिमानही होता. त्यानंतर चिठ्ठी मोठ्या अक्षरांत लिहायला लागलो आणि साहेबांच्या उजव्या हाताला चिकटून उभा राहायला लागलो. निवडणूक झाली. साहेब निवडून आले. गुलालात न्हालेल्या साहेबांनी मला गाडीत विचारलं की हे कुणाचं लग्न आहे.

त्याच सुमाराला आई अंथरुणाला खिळली. तिला साहेबांच्या आजाराचं काही माहीत नव्हतं. मला वेळ मिळेल तेव्हा मी उशाशी बसायचो आणि ती प्रत्येक वेळी एकच विचारायची.

"भावजींना एकदा आण की रं. लय दिस झालं बघून."

मी सांगायचो की अधिवेशन चालू आहे, मुंबईला गेलेत. अधिवेशन संपल्यावर म्हणालो, वडूजला कार्यक्रम आहे. खरं तर त्या दिवशी साहेब आमच्या गावावरून पुढं गेले होते आणि मी गाडीत त्यांच्या शेजारी बसलो होतो. आमच्या घराकडं वळणारा रस्ता आला तेव्हा मी ड्रायव्हरला काहीच बोललो नाही. घरात नेलं आणि त्यांनी तिला ओळखलं नाही तर? ती सगळं समजून गेली असती. तिला हे बघावं लागू नये म्हणून मी नेलं नाही, असं मी स्वतःला सांगायचो. आता वाटतं, मला हे बघायचं नव्हतं म्हणून नेलं नाही.

आई गेली ती दुपारी, झोपेत. त्या दिवशी मी पहिल्यांदा त्या फोटोखालचा मजकूर स्वतःच्या घरासाठी लिहिला आणि वेळ लिहिली नऊची. रक्षाविसर्जनाच्या आदल्या संध्याकाळी चिरंजीवांचा फोन आला. सांत्वन केलं, आवाजात खरंच दुःख होतं. मग म्हणाले, साहेबांना घेऊन येतो, पण चिठ्ठीचं तेवढं तुम्हीच बघा, दुसऱ्या कुणाला सांगता येत नाही.

सकाळी अंघोळ करून मी ओट्याजवळ कागद घेऊन उभा राहिलो. चिठ्ठी दिलीच नाही तर? कदाचित वैनी म्हटल्याबरोबर त्यांना सगळं आठवेल. जुनं शेवटपर्यंत टिकतं असं डॉक्टर म्हणाले होते. पण नाही आठवलं तर सगळ्या तालुक्यासमोर त्यांची शोभा होणार आणि माझं खोटंही उघडं पडणार. शेवटी लिहिली. आईचं नाव, वय, नवरा माजी सैनिक, मुलगा एक. 'साहेबांशी संबंध' ही ओळ लिहिली आणि तिच्यापुढं जागा कोरी सोडली. तेवढं तरी त्यांनी स्वतः भरावं, एवढंच मला हवं होतं. सत्तावीस वर्षांत मी त्यांच्याकडं दुसरं काही मागितलं नव्हतं.

स्मशानात गर्दी खूप होती. पीएची आई म्हणून तालुक्यातले झाडून सगळे आले होते. साहेब चिरंजीवांचा हात धरून आले, पांढरेशुभ्र कपडे, चालणं अजून ताठ. मी भावकीच्या रांगेत, डोक्याला पांढरा पंचा गुंडाळून उभा होतो, म्हणून उजव्या हाताची माझी जागा रिकामी होती. गुरुजींनी नाव पुकारलं. साहेबांनी चिठ्ठी काढली, डोळ्यांपासून लांब धरली आणि बोलायला सुरुवात केली. आवाज पूर्वीसारखाच भरदार. आईचं नाव घेतलं, माउली म्हणाले, सैनिकाची बायको म्हणजे अर्धा सैनिकच असते म्हणाले. मग शेवटच्या ओळीपाशी आले आणि थांबले.

त्यांनी चिठ्ठी उलटून मागची बाजू बघितली. मी मनातल्या मनात म्हणत होतो, भाकरी, साहेब. निकालाचा दिवस. वैनी म्हणा, नुसतं वैनी म्हणा.

"त्यांचा मुलगा कुठाय?" ते म्हणाले. "जरा पुढं या."

मी पुढं झालो आणि हात जोडले. त्यांनी माइक गुरुजींकडं दिला, माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि माझ्या डोळ्यांत बघितलं. ते बघणं खोटं नव्हतं. परक्या माणसाचं दुःख बघून त्यांना खरंच वाईट वाटत होतं.

"पाव्हणं, खचू नका," ते म्हणाले. "काय अडलं-नडलं तर आमच्या पीएला गाठा. लय गुणाचा माणूस हाय, माझ्या घरातलाच म्हणा. त्येला सांगितलं की मला सांगितल्यासारखंच."

शेजारी चिरंजीव खाली बघत होते. मी मान हलवली.

"सांगतो साहेब," मी म्हणालो.