नांगर निघेना

आमच्या घरात अंगारा, देवरुषी यातलं काहीच चालत नाही. मीही आधी पुरावा मागणारी. म्हणून हे लिहावं की नको, यातच दोन महिने गेले... काही चुकलं तर सांभाळून घ्या.

मी परभणीला बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला आहे, विषय इतिहास. घरात कॉलेज पाहिलेली मी पहिलीच. सेमिनारसाठी मला सतराव्या शतकातलं एक इंग्लिश लढाऊ जहाज मिळालं होतं. (त्याचं नाव लिहीत नाही, हिंमत होत नाही.) देशात राजा नसताना ते बांधलं, राजा परत आल्यावर त्याचं नाव बदललं, मग डच लोकांशी लढाया. एप्रिलमध्ये पालमजवळ आमच्या गावी आले, तेव्हा संध्याकाळी बाबांना ते वाचून दाखवत होते. "जहाजाने नांगर टाकला" म्हटल्यावर बाबा हसले.

"समुद्रात नांगर? काय पेरायलेत तिथं?"

"बाबा, जहाज एका जागी थांबवायच्या लोखंडी आकड्यालाही नांगरच म्हणतात."

माय म्हणाली, "घ्या! पोरगी कॉलेजात गेली अन् तुमचा नांगर पाण्यात गेला."

मी तिथेच थांबले. शेवट अजून लिहायचा होता. शत्रूने पेटती होडी अंगावर सोडली, नांगर निघेना, डांबर फासलेलं जहाज जागच्या जागी जळालं — हे घरात फक्त मला माहीत होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आठला न्याहारी घेऊन शेतात गेले. नांगर जमिनीत रुतला होता. बैलांच्या तोंडाला फेस आलेला. नांगराला जुवाशी जोडणारी साखळी तुटल्यामुळे बाबांनी जाड दोर बांधला होता, तो ताण बसून करकरत होता. आणि बाबांचे दोन्ही हात नांगराच्या मुठीवर... सुटतच नव्हते.

"बाबा, सोडा की!"

"निगंना गं... दोर तोड... जळायलो आमी!"

बाबा स्वतःला कधीच 'आमी' म्हणत नाहीत. मला डांबर जळाल्यासारखा वास आला. धूर मात्र कुठेच नव्हता. बांधावरचा विळा उचलला आणि कसाबसा दोर कापला. बैल उधळले, बाबा मागे पडले.

दोन्ही तळहात भाजले होते. पालमच्या डॉक्टरांनी विचारलं, "चुलीत हात घातला का?" नांगराची मूठ लाकडाची, मी स्वतः हात लावून पाहिली होती... गार होती. दुपारी शेजारच्या काकांनी नांगर एका हाताने उपसला. खाली ना दगड, ना मूळ.

आमचे सर म्हणाले, ऊन लागलं असेल. सकाळी आठला? मला पटत नाही, पण दुसरं काही सुचतही नाही. मी सेमिनारचा विषय बदलून घेतला.

परवा बाबांनी पहिल्यांदाच विचारलं, "त्या जहाजातली माणसं सुटली का गं?"

मी सगळ्या झेरॉक्स पुन्हा चाळल्या. तोफा किती, शिडं किती, सगळं होतं. माणसांचं काहीच नव्हतं.

"सुटली," मी म्हटलं.

बाबांनी दोन्ही तळहात उलगडून पाहिले. मग हळूच म्हणाले, "समदी?"